कानाचा सिनेमा: वसंत सबनीस आणि चावट पटकथेचा हिशेब



आजचा विषय वाचून काहींनी भुवया उंचावल्या असतील. तत्त्वज्ञान शिकवण्यात जन्म गेलेल्या माणसानं सत्तरी ओलांडल्यावर चावट सिनेमावर बोलावं, हे कसं? आमचं उत्तर साधं आहे. ज्या गोष्टीवर लाखो माणसं हसली, आणि हसल्यावर घरी येऊन ‘आपण नाही बुवा असलं बघत’ असं म्हणाली, त्या गोष्टीकडे तत्त्वज्ञानानं बघायचं नाही तर कुणी बघायचं?

निमित्त घडलं ते असं. या मालिकेच्या एका तरुण श्रोत्यानं विचारलं, जपानमध्ये प्रौढांसाठीच्या सिनेमाचे पटकथालेखक पुढं मोठे लेखक म्हणून मान्यता पावले. आपल्या मराठीत असं काही आहे का? प्रश्न चांगला आहे. त्याचं उत्तर सातारा-सांगलीच्या मातीत अर्धं सापडतं आणि सोलापूरच्या एका लेखकाच्या कारकिर्दीत उरलेलं अर्धं. त्या लेखकाचं नाव वसंत सबनीस.

आधी जपानचं थोडक्यात बघू. निक्कात्सु ही तिथली जुनी चित्रपटसंस्था, १९१२ मध्ये स्थापन झालेली. दूरदर्शन संच घरोघरी आले, थिएटरं ओस पडली, आणि संस्था डबघाईला आली. तेव्हा १९७१ च्या नोव्हेंबरात तिनं ‘रोमान पोर्नो’ नावाची मालिका सुरू केली. अट साधी होती. चित्रपट साधारण सत्तर मिनिटांचा, खर्च बेताचा, आणि दर दहाएक मिनिटांनी एक शय्यादृश्य. एवढं दिलंत की बाकी कथेत काय लिहायचं ते तुमचं तुम्ही बघा. आता गंमत बघा. ज्या लेखकांना इतरत्र कुणी दारात उभं केलं नसतं, त्यांना इथं मोकळं रान मिळालं. हारुहिको आराई हा असाच एक लेखक, जन्म १९४७ चा. याच मालिकेत त्याचा हात बसला. पुढं ‘एनराई’ या १९८१ च्या आणि ‘व्हायब्रेटर’ या २००३ च्या गाजलेल्या चित्रपटांच्या पटकथा त्यानं लिहिल्या. २०२३ मध्ये त्यानं स्वतः दिग्दर्शित केलेल्या ‘हानाकुताशी’ या चित्रपटाचे नायकच मुळी या धंद्यातले आहेत: एक दिग्दर्शक आणि एक पटकथालेखक. म्हणजे जिथून आलो ते त्या माणसानं लपवलं नाही.

तिकडेही हे सरळ झालं नाही. १९७२ मध्ये या मालिकेतल्या चित्रपटांवर पोलिसी कारवाई झाली, खटला चालला, आणि १९८० मध्ये मंडळी निर्दोष सुटली. नागिसा ओशिमा या दिग्दर्शकावर तर चित्रपटासाठी नव्हे, पटकथा आणि छायाचित्रं छापलेल्या पुस्तकासाठी खटला भरला गेला. तोही १९८२ मध्ये निर्दोष ठरला. म्हणजे पटकथेचा कागदही आरोपीच्या पिंजऱ्यात उभा राहू शकतो.

आता आपल्याकडे येऊ. निक्कात्सुची मालिका १९७१ मध्ये सुरू झाली, त्याच वर्षी मार्चमध्ये ‘सोंगाड्या’ पडद्यावर आला होता. लेखक वसंत सबनीस, नायक दादा कोंडके. ती जपानी मालिका १९८८ मध्ये संपली, आणि त्याच वर्षी ‘अशी ही बनवाबनवी’ आला. लेखक पुन्हा सबनीस. हा निव्वळ योगायोग, यातून काही सिद्ध होत नाही. पण सतरा वर्षांच्या दोन खुंट्या आपल्याला आयत्या मिळाल्या. त्यांवर आजचं बोलणं टांगू.

पहिला फरक ध्यानात घ्या. तिकडचा प्रौढ सिनेमा डोळ्याचा, आपला कानाचा. आपल्या चावट सिनेमात दिसत काहीच नाही. नायिका नऊवारीत असते, पदर डोक्यावर असतो, नायकाची अर्धी विजार गुडघ्याच्या खाली लोंबत असते आणि तिची नाडी तेवढी बाहेर. अंग कुठं दिसलं म्हणावं तर नाही. जे काय घडतं ते वाक्यात घडतं, आणि वाक्य लिहितो लेखक. तिकडे कॅमेऱ्यानं जे काम केलं ते इकडे लेखणीला करावं लागलं. म्हणून आमचं म्हणणं असं की मराठी चावट सिनेमाचा खरा कर्ता आणि खरा जबाबदार माणूस पटकथा-संवादांचा लेखक आहे. श्रेय द्यायचं तर त्याला द्या, आणि जाब विचारायचा तर त्यालाच विचारा. आपण दोन्हींपैकी काहीच केलं नाही. श्रेय नटाला दिलं आणि जाब सेन्सॉरवर सोडला.

ही कानाची परंपरा आली कुठून? आपल्या पायाखालून. सांगली म्हटलं की आपण अभिमानानं १८४३ सांगतो, विष्णुदास भाव्यांचं ‘सीतास्वयंवर’ सांगतो, नाट्यपंढरी म्हणतो. बरोबरच आहे. पण त्याच सांगली जिल्ह्यात तासगाव तालुक्यात सावळज आहे. तिथल्या उमाजी बाबाजी सावळजकरांचा ‘मोहना-बटाव’ हा १८६५ चा वग तमाशातला पहिला वग मानतात. वाळवा तालुक्यातलं रेठरे हरणाक्ष हे पठ्ठे बापूरावांचं गाव. त्या काळी तो मुलूख सातारा जिल्ह्यात होता. जन्म १८६६, नाव श्रीधर कृष्ण कुलकर्णी, ब्राह्मणाच्या घरचं पोर, आणि उभा जन्म तमाशाच्या फडात काढला. वाटेगाव अण्णा भाऊ साठ्यांचं. त्यांनी तमाशाला लोकनाट्य म्हणून नव्या राजकारणाच्या कामाला लावलं. कवलापूर हे काळू-बाळूंचं. माडगूळ हे माडगूळकर बंधूंचं. ‘सांगत्ये ऐका’ची पटकथा व्यंकटेश माडगूळकरांची. १९५९ चा तो तमाशापट पुण्याच्या विजयानंद थिएटरात १३१ आठवडे चालला. म्हणजे भावे जेवढे आपले, तेवढेच सावळजकरही आपले. आपण मात्र एकाच्या नावानं नाट्यगृह बांधतो आणि दुसऱ्याचं गाव बसच्या पाटीवर वाचून सोडून देतो.

तमाशाची बांधणी बघितलीत की निक्कात्सुच्या अटीची आठवण येते. गण झाला, गौळण झाली, मावशी आणि पेंद्याची थट्टा झाली, बतावणी झाली, लावण्या झाल्या. प्रेक्षकाला जे हवं ते हप्त्याहप्त्यानं दिलं जातं. ते दिलं की मग वगात लेखकानं राजाची अब्रू काढावी, सावकाराला नागवावं, पाटलाला गाढवावर बसवावं, कुणी हरकत घेत नाही. दर दहा मिनिटांची अट आमच्या फडमालकांना कुणी कागदावर लिहून द्यावी लागली नाही, समोरचं पब्लिक शिट्ट्या मारून ती सांगत होतं. अट पुरी करा आणि मोकळे व्हा, हा करार टोकियोच्या आधी शंभरएक वर्षं सावळजच्या माळावर झालेला आहे.

स्वातंत्र्यानंतर सरकारला हे सगळं अश्लील वाटलं. तमाशावर बंदी आली, मग दत्तो वामन पोतदारांच्या अध्यक्षतेखाली सुधार समिती बसली, मग संहिता तपासून घ्यायची पद्धत आली. इथं तमाशात एक मोठा बदल झाला, त्याकडे आपलं लक्ष जात नाही. तोपर्यंत वग हा सोंगाड्याच्या तोंडात होता. आता तो कागदावर उतरावा लागला. कागद म्हटला की लिहिणारा आला. अशा वेळी शिकलेले, मध्यमवर्गीय, विनोदी लेखक या प्रांतात आले, आणि त्यांत सबनीस हे सगळ्यांत तयारीचे.

सबनीस मूळचे सोलापूरचे, जन्म १९२३. नाटककार म्हणून त्यांना आपण ‘सौजन्याची ऐशी तैशी’ आणि ‘गेला माधव कुणीकडे’ यांसाठी ओळखतो. पण त्यांच्या हातून झालेलं सगळ्यांत पक्कं काम म्हणजे ‘विच्छा माझी पुरी करा’. मूळ नाव ‘छपरी पलंगाचा वग’. १९६५ च्या सुमारास दादा कोंडक्यांनी तो रंगभूमीवर आणला आणि दीड हजारांच्या घरात त्याचे प्रयोग केले. आपल्या सांगलीत जन्मलेल्या आशा भोसल्यांनी तो प्रयोग बघून दादांचं नाव भालजी पेंढारकरांना सुचवलं, आणि त्यातून १९६९ चा ‘तांबडी माती’ आणि दादांचा सिनेमा-प्रवेश झाला, ही हकीकत सर्वश्रुत आहे.

आता त्या वगाची रचना बघा. हवालदाराला कोतवाल व्हायचंय. त्यासाठी कोतवालाला अडकवायला पाहिजे. मैनावती कोतवालाला घोळात घेते आणि म्हणते, माझी एक इच्छा पुरी करा. इच्छा काय, तर राजाचा छपरी पलंग मला आणून द्या. बस्स, एवढंच. ‘विच्छा’ या शब्दावर पब्लिक हसतं, कारण त्याच्या मनात भलतीच इच्छा असते. पलंग म्हटल्यावर पुन्हा हसतं. आणि तेवढ्यात वग सांगतो काय? की राज्य चालवणारा कोतवाल हा चोर आहे, त्याचा हाताखालचा माणूस त्याच्या खुर्चीवर डोळा ठेवून आहे, आणि राजाला स्वतःच्या पलंगाचीही शुद्ध नाही. चावट वाक्य दाराशी येतं आणि राजकीय वाक्य मागच्या दारानं घरात शिरतं. शृंगाराचा पलंग सत्तेचं सिंहासन होऊन बसतो. सबनिसांनी हे भाषण न करता केलं, हे विशेष.

आमच्या शास्त्राची इथं थोडी मदत घेऊ, घाबरू नका. भरतमुनींनी हास्यरस शृंगारातून निघतो असं म्हटलंय. शृंगाराची नक्कल केली की हसू येतं. म्हणजे चावट विनोद ही काही अलीकडची विकृती नाही, रसव्यवस्थेतच तिची जागा आहे. मग ‘अश्लील’ म्हणजे काय? वामन, मम्मट यांनी अश्लीलतेला काव्यदोष म्हटलं आणि तिचे तीन प्रकार सांगितले: लाज आणणारी, किळस आणणारी, अमंगळ सुचवणारी. लक्षात घ्या, तीनपैकी एकाच प्रकाराचा संबंध कामाशी आहे. आणि हा दोष मुख्यतः शब्दयोजनेचा सांगितलाय, विषयाचा नाही. कालिदासानं शिवपार्वतीचा शृंगार वर्णिला तेव्हा औचित्याचा प्रश्न आनंदवर्धनानं काढलाच. पण कवीच्या शक्तीनं तो दोष झाकला जातो, असंही तो म्हणाला. म्हणजे पंडितांनी सोवळ्याओवळ्याची यादी केली नाही, कारागिरी तपासली. आपल्या कायद्यानंही एकदा हीच वाट धरली. चंद्रकांत काकोडकरांची ‘श्यामा’ ही कथा ‘रंभा’च्या १९६२ च्या दिवाळी अंकात आली, अश्लीलतेचा खटला झाला, आणि १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती अश्लील नाही असं ठरवलं. त्याच वर्षी याच काकोडकरांच्या ‘निलांबरी’ कादंबरीवरचा ‘दो रास्ते’ हा हिंदी चित्रपट आला, आणि तो सहकुटुंब पाहिला गेला. एकच लेखणी, एकीकडे आरोपी आणि दुसरीकडे घरगुती. हे मराठीत वारंवार घडलेलं आहे.

तर कारागिरी तपासायची असेल तर आम्ही तीन प्रश्न विचारतो. एक, वाक्य बोलणाऱ्याला त्याचा दुसरा अर्थ कळतोय का? दोन, वाक्य कुणाच्या अंगावर पडतंय? तीन, जिच्याबद्दल बोललं जातंय तिला उलट बोलता येतंय का?

‘सोंगाड्या’ला पहिला प्रश्न लावा. नाम्या भोळा आहे. आईच्या धाकात वाढलेला आहे. तमाशातल्या कलावतीवर तो भुलतो, पण जगाची रीत त्याला ठाऊक नाही. तो जे बोलतो ते सरळ अर्थानं बोलतो, वाकडा अर्थ आपल्या डोक्यात तयार होतो. अलंकारशास्त्रात श्लेष वेगळा आणि ध्वनी वेगळा. श्लेषात दोन्ही अर्थ वाक्यातच असतात. ध्वनीत वाक्य एक बोलतं आणि दुसरं ऐकणाऱ्याच्या मनात उमटतं. नाम्याचं बोलणं या दुसऱ्या जातीचं. म्हणून सेन्सॉरची पंचाईत होते. कापायचं काय? वाक्य तर निष्पाप आहे. पाप असलंच तर तिकीट काढून खुर्चीत बसलेलं आहे. आपण हसतो आणि हसताना पकडले जातो. नाम्या मोकळा, आपणच चावट. हा फार वरच्या दर्जाचा विनोद आहे, आणि तो साधायला नटाइतकाच लेखक लागतो, कारण एक शब्द जाणतेपणाचा पडला की भोळेपण संपलं.

दुसऱ्याच वर्षी, १९७२ मध्ये, ‘पिंजरा’ आला. शांतारामबापूंचा चित्रपट, पटकथा शंकर पाटलांची, मास्तर साताऱ्यात जन्मलेले डॉ. श्रीराम लागू. दोन्ही चित्रपटांना संगीत मिरजेच्या राम कदमांचं. ‘पिंजरा’ला प्रतिष्ठा मिळाली, ‘सोंगाड्या’ला गर्दी मिळाली. ‘पिंजऱ्या’चं मूळ १९३० च्या ‘ब्ल्यू एंजल’ या जर्मन चित्रपटात. आदर्श मास्तर, तमाशातली बाई, आणि मास्तरांचा ऱ्हास. चित्रपट थोर आहे, लागूंचं काम तर विचारूच नका. पण तत्त्वतः बघा. ‘पिंजऱ्या’त तमाशा म्हणजे सज्जनाचं पतन. ‘सोंगाड्या’त तमाशा म्हणजे एका भोळ्या पोराला सापडलेलं काम, माणसं आणि प्रेम. बाईकडे बघायची जास्त निरोगी नजर आम्हाला दुसऱ्या चित्रपटात दिसते, म्हणजे ज्याला आपण चावट म्हणून बाजूला सारलं त्यात. प्रतिष्ठित चित्रपट तिला पिंजरा म्हणतो, चावट चित्रपट तिला कलावती म्हणतो. याचा विचार आपल्या समीक्षेनं करायला पाहिजे होता.

मग पुढं काय झालं? दादांचे चित्रपट गाजतच राहिले. नऊ रौप्यमहोत्सवी चित्रपटांसाठी गिनीज बुकात नाव गेलं. पण लेखन सबनिसांच्या हातून दुसरीकडे गेलं, आणि शीर्षकं बघत चला: १९७८ ‘बोट लावीन तिथं गुदगुल्या’, १९८२ ‘आली अंगावर’, १९८७ ‘मुका घ्या मुका’, १९९२ ‘येऊ का घरात’. मधेच १९८६ मध्ये हिंदीत ‘अंधेरी रात में दिया तेरे हाथ में’. इथं विनोद पाटीवरच संपला. आत जाऊन ऐकायचं काही उरलं नाही. नायक आता भोळा राहिला नाही, तो बोलतो आणि डोळा मारतो. ध्वनीचा श्लेष झाला. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तरही बदललं. ‘विच्छा’त वाक्य कोतवालाच्या अंगावर पडत होतं, ते आता बाईच्या अंगावर पडू लागलं. १९७५ च्या ‘पांडू हवालदार’पर्यंत निदान खाकी वर्दीची टिंगल होती. पुढं वर्दी गेली आणि टिंगल उरली. आणि तिसरा प्रश्न? ‘विच्छा माझी पुरी करा’ हे वाक्य बाईचं आहे. मागणारी ती, पळापळ करणारा तो. ‘बोट लावीन’ या वाक्यात बोटवाला बोलतो, जिला गुदगुल्या व्हायच्या तिचं मत कुणी विचारलेलं नाही.

हा उतार का आला? काही म्हणतील, पैशाची हाव. असेल. पण आम्हाला यात माध्यमाचा भाग मोठा दिसतो. सोंगाड्या जत्रेत उभा राहतो तेव्हा त्याला पुढची रांग दिसते. कुठं म्हातारं बसलंय, कुठं गावचा पाटील, आज बायका किती आल्यात, हे बघून तो वाक्य आवरतो किंवा सोडतो. ‘विच्छा’च्या प्रयोगात दादा रोजच्या वर्तमानपत्रातलं राजकारण घालायचे. कालचं वाक्य आज नाही. म्हणजे चावटपणाला रोज ताजी कोटी लागायची आणि रोज समोरच्याची संमती लागायची. पडद्यावर वाक्य गोठतं. साताऱ्यात तेच, सांगलीत तेच, दुपारी तेच, रात्री तेच. पडद्याला प्रेक्षक दिसत नाही. ज्याला समोरचा माणूस दिसत नाही तो आवाज चढवतो, हा नियमच आहे. चढलेल्या आवाजाची ती शीर्षकं आहेत. हे गोठलेलं वाक्य ताजं ठेवायचं तर त्याला घटना लागते, पात्र लागतं, म्हणजे लेखक लागतो. लेखक कमी झाला, आवाज वाढला.

आणि सबनीस? ते गेले शहरात. सचिन पिळगावकरांबरोबर ‘गंमत जंमत’ केला, मग १९८८ चा ‘अशी ही बनवाबनवी’. कल्पना हृषीकेश मुखर्जींच्या १९६६ च्या ‘बीवी और मकान’वरून घेतलेली, पण मराठी मांडणी सबनिसांची. भाड्याच्या खोलीसाठी दोन पुरुष बायका होतात. आता सांगा, हा कोण? हा तमाशातला नाच्या. गौळणीतली मावशी. लुगडं नेसलेला पुरुष, त्याच्या अंगावर घसरणारी दुसऱ्याची नजर, गरोदरपणाचं सोंग, नवरा-बायकोच्या नात्याची उलटापालट. सगळा माल फडावरचा आहे. सोफ्यावर आजी, सून, नातू एकत्र बसून तो बघतात, संवाद पाठ म्हणतात, आणि कुणाच्या मनात अश्लील हा शब्द येत नाही. का येत नाही? कारण तीन प्रश्नांची उत्तरं इथं पुन्हा नीट बसलीत. लुगड्यातल्या पुरुषाला बाईच्या जागेचा त्रास स्वतः भोगावा लागतो. वाक्य पुरुषाच्या अंगावर पडतं. पण आणखी एक कारण आहे, ते कडू आहे. जत्रेतल्या तंबूत जे चावट, ते शहरी घरात खुसखुशीत. वाक्य तेच असतं, फक्त उच्चार बदलला, जात-वर्ग बदलला. ‘विच्छा’ची ‘इच्छा’ झाली की आपण सोवळे होतो.

सबनिसांची कारकीर्द आम्हाला महत्त्वाची वाटते ती यासाठी. एकाच माणसानं एकच हत्यार तीन ठिकाणी चालवलं: लोकनाट्यात, ग्रामीण सिनेमात, शहरी सिनेमात. आपण त्याला तीन वेगवेगळी नावं दिली. नावं आपली होती, हत्यार त्याचं.

आता हिशेबातली उधारीची बाजू. ती सांगितल्याशिवाय हे बोलणं अप्रामाणिक होईल. लेखक कितीही थोर असो, त्याचं चावट वाक्य कुणाच्या तरी शरीरावरून प्रेक्षकापर्यंत पोचतं. पठ्ठे बापूरावांनी बाबासाहेब आंबेडकरांच्या चळवळीला आपल्या तमाशाच्या प्रयोगांचं उत्पन्न देऊ केलं आणि बाबासाहेबांनी ते नाकारलं, ही हकीकत अभ्यासकांनी नोंदवलेली आहे. कारण असं की दलित बायांना नाचवून मिळालेला पैसा चळवळीला नको. या नकाराकडे नीट बघा. बापूरावांची लावणी सुंदर आहे की नाही, हा प्रश्नच बाबासाहेबांनी घेतला नाही. त्यांनी विचारलं, नाचतं कोण? शर्मिला रेग्यांनी पुढं लावणीचा अभ्यास केला तो हाच धागा धरून, जात आणि बाईचं श्रम यांचा. लावणीत बाई ‘मी’ म्हणून बोलते, पण तो ‘मी’ लिहिणारा पुरुष असतो. टाळ्या त्याला, बोल तिला.

विठाबाई नारायणगावकर २००२ मध्ये गेल्या. त्याच वर्षी सबनीसही गेले. एकीकडे बोर्डावर उभं राहून आयुष्य झिजवलेली कलावंत, दुसरीकडे टेबलाशी बसून लिहिणारा लेखक. लेखकाला चावटपणातून बाहेर पडून कौटुंबिक होता आलं. तमाशातल्या बाईला असं बाहेर पडता येतं का? जपानचंही तेच आहे. पटकथालेखक पुढं पुरस्कार घेतो, पडद्यावरच्या बाईच्या नावाला मात्र तो शिक्का चिकटून राहतो. म्हणून आमच्या तीन प्रश्नांना हा चौथा जोडायला हवा, आणि तो बाबासाहेबांचाच आहे: हे वाक्य पोचवण्याची किंमत कोण मोजतंय? पहिल्या तीन प्रश्नांत सबनीस उत्तम गुणांनी उतरतात. चौथ्याचं उत्तर एकट्या लेखकाकडे मागता येत नाही, ते हसणाऱ्या सगळ्यांनी द्यायचं आहे.

व्याख्यानानंतर आलेल्या दोन प्रश्नांची उत्तरं इथंच जोडतो.

एका ताईंनी विचारलं, ‘सर, मग हे चित्रपट मुलांबरोबर बघावेत का?’ ताई, मुलांना दुसरा अर्थ कळत नसेल तर त्यांच्यासाठी चित्रपट निष्पाप आहे, आणि कळत असेल तर तुम्ही न दाखवता तो त्यांना आधीच कळलेला आहे. मुलांपुढं आपण हसायचं की खोकायचं, ही अडचण आपली आहे. बघा जरूर, पण बघून झाल्यावर त्यांना दुसरा प्रश्न विचारा. हसलास ते कुणाला हसलास? एवढं विचारण्याची सवय लागली तरी पुष्कळ झालं.

दुसरा प्रश्न एका महाविद्यालयीन मुलाचा. ‘यावर काम करायचं तर सुरुवात कुठून करू?’ बाळा, घरापासून कर. नाटक छापतात, कादंबरी छापतात, पटकथा ही मात्र शूटिंग संपल्यावर रद्दीत जायची वस्तू मानली जाते. तमाशाच्या वगांच्या वह्यांचंही तेच. ‘सोंगाड्या’ समोर लाव आणि त्याची पटकथा ऐकून ऐकून स्वतः उतरवून काढ. कुठं वाक्य तुटतं, कुठं नाम्या थांबतो, हशा कुठं येतो, सगळं टिपून ठेव. मग सावळजला जा, कवलापूरला जा, वाटेगावला जा. फडावर उभ्या राहिलेल्या म्हाताऱ्या माणसांना बोलतं कर, आणि बायकांना आधी विचार, कारण त्यांना आजवर कुणी विचारलेलं नाही. उतरवून झालं की वही घेऊन आमच्याकडे ये. चहा आमच्याकडचा.